आडवे, उभे आणि दिवंगत

सातारा-सांगलीकडे शाळांच्या शताब्दी स्मरणिका निघू लागल्या की शेवटी दोन पानं हमखास असतात. एक शब्दकोड्याचं, दुसरं दिवंगत माजी विद्यार्थ्यांचं. दोन्ही पानं अंक छपाईला जायच्या आदल्या आठवड्यात उरकली जातात आणि दोन्हींत चुका राहतात. या खेपेला पत्रंही याच दोन पानांबद्दल जास्त आली, म्हणून उत्तरं एकत्र देतो आहोत.

स. न. वि. वि. साधी शब्दकोडी मला सुटतात. पण ‘साठ मिनिटांचे खेडे, बेदाण्याला नाव मिळवलेले (४)’ असली आडवळणाची वाक्यं आली की पेन्सिल थांबते. याची काही रीत असते का?
*एक वाचक, शाहूपुरी, सातारा*

उत्तर तासगाव. साठ मिनिटं म्हणजे तास, खेडं म्हणजे गाव, आणि बेदाणा हा सरळ अर्थ. कूट सूचकाची, म्हणजे उत्तराकडे नेणाऱ्या अशा आडवळणाच्या वाक्याची, घडण अशीच असते: एकाच शब्दाकडे दोन वाटांनी नेलेलं असतं. एक वाट अर्थाची, दुसरी अक्षरांच्या करामतीची. सरळ अर्थ बहुतेक वेळा वाक्याच्या सुरुवातीला किंवा शेवटी असतो, मध्ये क्वचितच. म्हणून पहिलं काम एवढंच, वाक्य कुठे चिरलं आहे ते शोधायचं. शब्दाशब्दांमध्ये पेन्सिलीने उभ्या रेघा मारा आणि एकेक रेघ खरी मानून पाहा.

करामत कोणती ते एखादा शब्द फोडतो. ‘उलटला’, ‘परतला’, ‘मागे वळला’ असं दिसलं की शब्द उलटा वाचायचा. ‘गरीब उलटला की वाहू लागतो (२)’: दीन, उलट नदी. ‘विस्कटले’, ‘गोंधळ’, ‘मोडतोड’ म्हणजे अक्षरांची अदलाबदल. ‘कमल विस्कटले की लेखणी होते (३)’: कलम. ‘डोके उडवले’, ‘शेपूट तुटले’, ‘अर्धा’ म्हणजे काटछाट. ‘शहराचे डोके उडवले तर कवठात सापडते (२)’: नगर, न गेला, गर राहिला. ‘बोल! मग अर्धी लीला दाखव, गाव येईल (३)’: सांग आणि ली. आणि जिथे असा खुणेचा शब्दच नाही, वाक्य मात्र विचित्र आहे, तिथे बहुधा श्लेष असतो: ‘गाईच्या पोटाखाली आणि साताऱ्याच्या पठारावर (२)’, म्हणजे कास.

मराठीत फसगत होते ती सामान्यरूपाने. ‘सातारा’ या शब्दाच्या पोटात ‘तारा’ दडलेला आहे. पण सूचकात ‘साताऱ्यात दडलेली चांदणी’ असं लिहिलं तर डोळ्यांसमोर ‘ताऱ्या’ येतो, ‘तारा’ नाही. चांगला रचनाकार दडवलेला शब्द न वाकवता ठेवतो: ‘सातारा गाव संपता संपता उगवते ती चांदणी’. तुम्ही सोडवताना मात्र विभक्ती लागलेला प्रत्येक शब्द मनातल्या मनात सरळ करून पाहायची सवय ठेवा. अर्धी कुलपं तिथेच उघडतात.

साध्या कोड्यांसाठीही एक युक्ती सांगून ठेवतो. सूचक क्रियापद असेल, जसं ‘टाके निघणे’, तर शेवटच्या घरात आधीच ‘णे’ लिहून टाका. (उत्तर उसवणे.) सूचक अनेकवचनी असेल तर उत्तरही अनेकवचनी. आणि रव, नग, रद, अज, शर, कानन, तनया, जाया ही मंडळी एका वहीत लिहून ठेवा. बोलण्यात ती कुणीच वापरत नाही. कोड्यात मात्र ती दर आठवड्याला हजर, कारण साध्या अक्षरांचे छोटे शब्द रचनाकाराला कुठेही बसवता येतात.

घरात दोन अक्षरं कधी मोजायची आणि एक कधी? ‘अर्घ्य’ दोन घरांत की तीन?
*एक वाचक, खणभाग, सांगली*

दोन. अ, र्घ्य. जोडाक्षर कितीही दणकट असलं तरी घर एकच. अनुस्वार ज्या अक्षरावर आहे त्याच घरात राहतो. म्हणून सांगली तीन घरांची, विद्यार्थी तीन, श्रद्धांजली चार, स्मरणिका चार.

खरी अडचण मोजण्यात नसते, ती छेदावर येते, म्हणजे आडवा आणि उभा शब्द एकमेकांना कापतात त्या घरात. आडव्या शब्दाला ‘लि’ हवा आणि उभ्याला ‘ली’. १९६२ च्या लेखननियमांनुसार शब्दाच्या शेवटी वेलांटी आणि उकार दीर्घ, म्हणून कवी, गुरू. पण समासात कविवर्य, गुरुवार. भुंग्याला जुन्या कोड्यांत ‘अलि’ आणि नव्यांत ‘अली’ दिसतो तो यामुळेच. बरीच कोडी ऱ्हस्व-दीर्घ सैल सोडतात. सोडवणाऱ्याने ते चालवून घ्यावं. स्वतः रचताना मात्र चालवू नये, निदान शाळेच्या अंकात तरी. मराठीचे शिक्षक अजून हयात असतात.

आमच्या शाळेच्या स्मरणिकेसाठी शब्दकोडं रचायचं आहे. त्यात दिवंगत माजी विद्यार्थ्यांची नावं गुंफावीत असं काहींचं मत, तर ‘गेलेल्या माणसांचं कोडं करू नये’ असं काहींचं. आणि मुळात कोडं रचायचं कसं?
*स्मरणिका समिती, कराड*

आधी रचना. इंग्रजी कोडी बघून १५ बाय १५ ची चौकट आखू नका. तिकडे छेदाला फक्त २६ अक्षरांशी गाठ. आपल्याकडे व्यंजनं गुणिले बाराखडी केलं तरी आकडा चारशेच्या घरात जातो, जोडाक्षरं वेगळीच. त्यामुळे छेद जुळायला अवघड आणि काळी घरं जास्त लागतात. पहिल्या खेपेला ९ बाय ९ पुरे. शब्द दोन ते पाच अक्षरांचे घ्या. प्रत्येक शब्दाचं निदान एक अक्षर दुसऱ्या शब्दात अडकलेलं हवं, नाहीतर तो शब्द सुटण्याला आधारच राहत नाही.

एक छोटा तुकडा बांधून दाखवतो. चौकोनी कागद घ्या. तिसऱ्या ओळीत पहिल्या घरापासून आडवं ‘सातारा’ लिहा. ‘ता’ पासून खाली ‘तासगाव’ सोडा. ‘रा’ वर उभा शब्द हवा: ‘भाऊराव’ घ्या, त्यात ‘रा’ तिसरा आहे, म्हणजे शब्द पहिल्या ओळीत सुरू होतो आणि चौथ्या ओळीत ‘व’ वर संपतो. आता चौथी ओळ बघा. तासगावचा ‘स’ आणि भाऊरावांचा ‘व’ शेजारी-शेजारी येऊन बसले. हौशी रचनाकार नेमका इथे मार खातो, कारण शेजारी आलेल्या दोन अक्षरांचा आडवा शब्द झालाच पाहिजे. ‘सव’ शब्द नाही. पुढच्या घरात ‘य’ टाका, ‘सवय’ झाला. त्याच ओळीचं पहिलं घर काळं करा. तसंच ‘सातारा’नंतरचं चौथं घर काळं, नाहीतर ते ‘य’ च्या डोक्यावर चढून बसेल. ‘य’ ऐवजी काही सुचलं नसतं तर ‘भाऊराव’ काढून रा-शेवटी असलेला शब्द घ्यावा लागला असता. खोडरबर लागतोच.

क्रमांक अगदी शेवटी घाला. आधी घातले की एक शब्द हलला तरी सगळे क्रमांक बदलतात, सूचकांची यादी जुनीच राहते आणि छापून आल्यावर ‘१२ आडवा’ला घरच नसतं. प्रूफ तपासायचं तर उत्तरं न पाहिलेल्या माणसाला कोरी चौकट द्या आणि सोडवायला सांगा. रचणाऱ्याने स्वतः तपासलं तर त्याला चूक दिसत नाही.

आता नावांचं. घालावीत, असं आमचं मत आहे. फक्त सूचक सरळ असावा, कामाचा असावा. ‘१९५२, हेलसिंकी, कांस्यपदक (३)’: खाशाबा. ‘१९७४ चे ज्ञानपीठ, जन्म सांगलीचा (४)’: खांडेकर. ‘रयत शिक्षण संस्थेचे संस्थापक (४)’: भाऊराव. सांगलीत जन्मलेले विजय हजारे यांच्यासाठी ‘एकावर तीन शून्ये, तीही अनेक, फलंदाज (३)’ असा श्लेष कुणी केला तर आम्ही तो चालवून घेऊ, कारण माणूस सार्वजनिक आणि गंमत आकड्याची आहे. पण तुमच्या ८२ च्या बॅचमधल्या, गेल्या वर्षी गेलेल्या मुलीच्या नावाची अक्षरं ‘विस्कटवू’ नका, तिच्या नावाचं ‘डोकं उडवू’ नका. कूट सूचकांची भाषाच तोडमोडीची असते. ती घरच्यांनी वाचायची आहे. टोपणनाव घालायचं तर घरच्यांना विचारून. वर्गात सगळ्यांना गंमत वाटणारं टोपणनाव ज्याचं होतं त्याला आवडत होतंच असं नाही. आणि उत्तरं त्याच अंकात द्या. स्मरणिकेला ‘पुढचा अंक’ नसतो.

साधारण साठ दिवंगत विद्यार्थ्यांवर थोडं-थोडं लिहायचं आहे. माहिती कुठून आणि किती गोळा करायची? प्रत्येकावर ‘मनमिळाऊ, हसतमुख’ एवढंच येतं आहे.
*माजी विद्यार्थी संघ, सांगली*

शब्दमर्यादा आधी ठरवा: प्रत्येकी ८० ते १००. ए-४ आकाराच्या पानावर फोटोसकट चार माणसं बसतात, म्हणजे साठ जणांना पंधरा पानं. मोठ्या पदावर गेलेल्याला पाऊण पान आणि बाकीच्यांना चार ओळी, असं करू नका. ज्याला जास्त जागा द्यायची त्याच्यावर वेगळा लेख घ्या. या पंधरा पानांत सगळे सारखे.

सुरुवात शाळेच्या जनरल रजिस्टरपासून. मुख्याध्यापकांची परवानगी घेऊन दाखल क्रमांक, पूर्ण नाव, गाव, दाखल झाल्याची आणि शाळा सोडल्याची तारीख एवढंच उतरवा. पानांचे फोटो काढून समितीच्या गटावर टाकू नका. त्या पानावर जात असते, शेऱ्यांचा रकाना असतो, आणि शेजारच्या ओळींत हयात माणसंही असतात. दाखल क्रमांक सगळ्यात महत्त्वाचा, कारण नावं बदलतात. साताऱ्याच्या आजच्या प्रतापसिंह हायस्कूलच्या रजिस्टरात ७ नोव्हेंबर १९०० च्या दाखल्याला जे नाव आहे ते ‘भिवा रामजी आंबेडकर’. ‘भीमराव’ शोधत बसलात तर सापडणार नाही. (तिथला १९१४ हा आकडा दाखल क्रमांक आहे, साल नव्हे. तोही गोंधळ होतो.)

मुलींच्या बाबतीत हे दुप्पट. लग्नात आडनाव तर बदलतंच, कित्येकींचं नावही बदलतं, तांदळात लिहून. म्हणून यादी माहेरच्या नावाने लावा आणि कंसात सासरचं नाव द्या. उलट केलंत तर वर्गमैत्रिणींनाच ओळख पटणार नाही.

रजिस्टरातल्या जन्मतारखेवर विसंबू नका. जुन्या पिढीत निम्मा वर्ग १ जूनला जन्मलेला असतो, कारण शाळेत घालताना मास्तरांनी बसेल ती तारीख घातलेली असते. १ जून दिसली की घरी विचारा. खात्री नसेल तर फक्त साल छापा.

मृत्यूची तारीख ही सगळ्यात जास्त चुकणारी गोष्ट. आपल्याकडच्या पेपरात निधनवार्तेखाली ‘रक्षाविसर्जन उद्या सकाळी’ असं असतं. रक्षाविसर्जन बहुधा तिसऱ्या दिवशी, पण हल्ली दुसऱ्या दिवशीही करतात, त्यामुळे बातमीच्या तारखेवरून मागे मोजून निघालेली तारीख एका दिवसाने हमखास हुकते. त्याहून मोठी चूक ‘प्रथम पुण्यस्मरण’च्या जाहिरातीवरून होते. ते तिथीने असतं. चांद्रवर्ष ३५४ दिवसांचं, म्हणून पुढच्या वर्षी तीच तिथी सुमारे ११ दिवस आधी येते. मध्ये अधिक महिना आला तर १९ दिवस उशिरा. २०२३ मध्ये अधिक श्रावण होता. त्या जूनमध्ये गेलेल्या माणसाचं वर्षश्राद्ध २०२४ मध्ये जवळजवळ तीन आठवडे पुढे गेलं. जाहिरातीतून एक वर्ष वजा केलं की तारीख चुकलीच.

शब्दकोड्यात आडवा आणि उभा जुळल्याशिवाय आपण पेनाने लिहीत नाही. इथेही प्रत्येक तारखेला दोन स्वतंत्र आधार हवेत: घरची व्यक्ती आणि ग्रामपंचायतीची किंवा नगरपालिकेची नोंद, किंवा घरची व्यक्ती आणि त्या दिवसाचा पेपर. तीन गटांवर फिरलेला एकच निरोप हा एकच आधार धरायचा. मृत्यूचा दाखला मात्र घरच्यांकडे मागू नका. स्मरणिका आहे, विम्याचा दावा नाही.

‘मनमिळाऊ’चं कारण तुमच्या प्रश्नात आहे. ‘त्यांच्याबद्दल काही सांगा’ म्हटलं की माणूस विशेषणंच देतो. त्याऐवजी विचारा: शाळेत कोणत्या गावाहून यायचे, सायकलने की एसटीने? डबा कुणाबरोबर खायचे? कोणत्या सरांच्या तासाला पहिल्या बाकावर आणि कोणत्या तासाला शेवटच्या? पहिला पगार कुठला? हाताने काय छान करत? पाचांतली दोन उत्तरं मिळाली तरी ८० शब्द भरतात. फोन ओळखीच्याच माणसाने करावा, तेराव्याच्या आत करू नये, आणि एकदाच करावा. समितीतल्या चौघांनी चार वेळा तेच विचारलं की पाचव्याला कुणी फोन उचलत नाही.

नमुन्यादाखल एक टिपण, माणूस सर्वांच्या माहितीतला:

‘खाशाबा दादासाहेब जाधव. जन्म १५ जानेवारी १९२६, गोळेश्वर, कराड. टिळक हायस्कूल, कराड. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये फ्लायवेट गटात सहावे. १९५२, हेलसिंकी, बँटमवेट फ्रीस्टाइल, कांस्यपदक. स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक. त्या प्रवासाच्या खर्चासाठी कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचे घर गहाण ठेवले. पुढे पोलीस दलात नोकरी. १४ ऑगस्ट १९८४ रोजी रस्ता अपघातात निधन. मरणोत्तर अर्जुन पुरस्कार.’

एकही विशेषण नाही. पण प्राचार्यांनी घर गहाण ठेवलं या एका वाक्यातून मुलगा कसा असेल ते कळतं. तुमच्या साठ जणांत ऑलिंपिकवीर नसतील, गहाण पडलेली गोष्ट मात्र प्रत्येकाच्या घरी निघेल.

टिपण तयार झालं की घरच्यांना वाचून दाखवा आणि दुरुस्तीला पंधरा दिवस द्या. आजाराचं नाव, आत्महत्या, घटस्फोट हे घरच्यांनी आपणहून ‘छापा’ म्हटल्याशिवाय छापायचं नाही.

नावाआधी कै. लावायचं की स्व.? आमच्या वर्गात सगळ्या धर्मांची मुलं होती.
*एक वाचक, मिरज*

सगळ्यांना ‘दिवंगत’. कै. म्हणजे कैलासवासी, वै. म्हणजे वैकुंठवासी, तो वारकऱ्यांकडे. लिंगायत घरात ‘लिंगैक्य’ म्हणतात, मुसलमान घरात ‘मरहूम’. साठ नावांना पाच उपाध्या लावल्या की एखादी चुकीच्या नावाला लागतेच. व्युत्पत्ती काढणारे म्हणतील की दिवंगत म्हणजेही स्वर्गालाच गेलेला. खरं आहे, पण वापरात तो शब्द आता कुण्या एकाचा राहिलेला नाही. टिपणाच्या आत घरचे म्हणतील ती उपाधी ठेवा.

आमच्या शाळेतून स्वातंत्र्यापूर्वी फौजेत गेलेले काही जण परत आले नाहीत. त्यांची नोंद कुठे मिळेल?
*एक वाचक, अपशिंगे मिलिटरी, ता. जि. सातारा*

दोन्ही महायुद्धांतल्या मृत सैनिकांची यादी राष्ट्रकुल युद्धस्मारक आयोगाच्या संकेतस्थळावर फुकट शोधता येते. पहिल्या युद्धासाठी ऑगस्ट १९१४ ते ऑगस्ट १९२१, दुसऱ्यासाठी सप्टेंबर १९३९ ते डिसेंबर १९४७ हा काळ धरलेला आहे. आडनाव बहुतेक वेळा नसतंच, नावाचं स्पेलिंग इंग्रज कारकुनाच्या कानावर अवलंबून, आणि पलटणीचं नाव जुन्या पद्धतीने ‘महरट्टा’ असं. म्हणून नावाने न शोधता पलटणीने शोधा आणि मग वडिलांचं नाव आणि गाव जुळवा. स्वातंत्र्यानंतरच्यांसाठी दिल्लीचं राष्ट्रीय युद्धस्मारक.

स्मरणिका वाटून झाली आणि कळलं की दिवंगतांच्या यादीतले एक गृहस्थ ठणठणीत आहेत. आता?
*नाव न छापण्याच्या अटीवर, सातारा जिल्हा*

आज संध्याकाळी दोघांनी त्यांच्या घरी जा. फोन नको, निरोप नको. मोबाईलवर फिरणारी प्रत सगळ्यात आधी दुरुस्त करून पाठवा, कारण छापील अंकापेक्षा ती लांब जाते. न वाटलेल्या प्रतींत शुद्धिपत्र चिकटवा, सुटं ठेवू नका, पडतं. खोटी मरणवार्ता उठली की आयुष्य वाढतं असं आपल्याकडे म्हणतात. ते त्या गृहस्थांनी म्हणावं, समितीने नव्हे.

अशी चूक बहुधा नावसाधर्म्याने होते. एका गावात एकच आडनाव, नावंही ठरावीक, त्यामुळे एका बॅचमध्ये दोन माणसांचं नाव, वडिलांचं नाव आणि आडनाव तंतोतंत जुळू शकतं. त्यांना वेगळं करतो तो दाखल क्रमांक. दुसरं कारण म्हणजे ‘बरीच वर्षं दिसला नाही’. त्यासाठी ‘संपर्क नाही’ असा वेगळा रकाना हवा. ज्याचा पत्ता लागत नाही तो गेला असं धरायचं नसतं.

२०१९ च्या पुरात वर्गाचे जुने फोटो भिजले आणि वाळून एकमेकांना चिकटले. सोडवता येतील?
*एक वाचक, गावभाग, सांगली*

कोरडे ओढू नका, चेहरेच निघून येतील. आधी आहे त्या स्थितीत प्रत्येक बाजूचा फोटो काढून ठेवा. स्टुडिओतले जुने काळे-पांढरे फोटो असतील आणि त्यांवर हाताने रंग भरलेले नसतील, तर उथळ ट्रेमध्ये स्वच्छ थंड पाण्यात अर्धा तास ठेवा, जोर न लावता कोपरा सुटतो का पाहा, नाहीतर पाणी बदलून आणखी ठेवा. सुटले की चित्र वर करून सावलीत, पंख्याच्या वाऱ्यावर वाळवा, उन्हात गुंडाळतात. रंगीत फोटो आणि घरच्या प्रिंटरवर काढलेले फोटो पाण्यात घालू नका. काचेला चिकटलेला फोटो काचेसकट स्कॅन करा. शाईने लिहिलेली हजेरीपत्रकं तर अजिबात भिजवायची नाहीत, पानांमध्ये टिपकागद घालून दाबून ठेवायची.

गटफोटोतून एकेकाचा चेहरा काढायचा असेल तर हिशेब असा: मूळ चेहरा ६ मिलिमीटरचा आणि छापायचा २४ चा, म्हणजे चौपट. छपाईला ३०० डीपीआय (एका इंचात ३०० ठिपके) लागतं, तर स्कॅन १२०० वर करा. मोबाईलने काढायचाच असेल तर काच काढून, खिडकीच्या उजेडात, फ्लॅश बंद. आणि फोटोच्या मागे बॉलपेनने नावं लिहू नका, पुढच्या बाजूला वळ उमटतात. मऊ पेन्सिलीने, कडेला, डावीकडून उजवीकडे, ओळीनुसार. ज्याचं नाव आठवत नाही त्याच्या जागी रेघ मारा, पण जागा वगळू नका, नाहीतर पुढची सगळी नावं एकेक घर सरकतात.